शेवटचा घोट

दिवाळीची झाडलोट आमच्या घरी दर वर्षी एका रांजणापाशी येऊन अडते.

डबे घासून होतात, फळ्यांवरचे कागद बदलतात, गाद्यांना ऊन मिळते, भिंतींवरून रंगाचा हात फिरतो, आणि मग सारा कारखाना मोरीच्या कोपऱ्यात उभ्या असलेल्या त्या मातीच्या रांजणासमोर थांबतो. रांजणाच्या पोटाला एक चीर गेलेली आहे. ती सिमेंटने लिंपली आहे. घरात नळ आहे, गच्चीवर टाकी आहे, ओट्यावर पाणी गाळायचे यंत्र आहे. या साऱ्यांत ह्या रांजणाचे काम काय, असे आमचे हे दर वर्षी विचारतात. ‘या खेपेला काढूच,’ असे मी दर वर्षी म्हणते. आणि आई दर वर्षी काही न बोलता रांजणाशेजारी पाट घेऊन बसते. ती तिथे बसली की विषय संपतो.

वडील गेल्यावर आई माझ्याकडे राहायला आली, ती औशाकडच्या एका खेड्यातून एक पत्र्याची पेटी आणि हा रांजण घेऊन. पेटी टेम्पोत मागे टाकली होती. रांजण मात्र तिने पायांशी घेतला आणि साऱ्या वाटभर त्याच्या गळ्यावर हात ठेवून बसली. खड्डा आला की आपल्याआधी त्याला सावरायची.

आता विष्णुपुरीत रांजण आणणे म्हणजे तसे हास्यास्पदच. विष्णुपुरी हे पाण्याचे गाव. गावाच्या अंगाला गोदावरी आहे, काठावर काळेश्वराचे देऊळ आहे, आणि नदीला अडवणारा तो बांध आहे, ज्याला आता डॉ. शंकरराव चव्हाण विष्णुपुरी प्रकल्प म्हणतात. इथले पाणी पंपांनी उचलून कालव्यात चढवतात. नांदेड शहर हेच पाणी पिते. पावसाळ्यात बांधाचे दरवाजे उघडले की लोक लेकराबाळांसकट बघायला जातात. आईला मी एकदाच नेले. फेसाळत्या पाण्याकडे ती बराच वेळ पाहत राहिली. मग “येवढं पानी!” एवढेच म्हणाली आणि पदर तोंडाला लावला. मला वाटले, माउलीला आनंद झाला.

चैत्र पाडव्याला हा रांजण मोरीतून उठतो आणि दारातल्या कडुनिंबाखाली तिवईवर जातो. मृग निघेपर्यंत त्याचा मुक्काम तिथेच. रोज पहाटे आई तो घासते, भरते, वर फळी ठेवते, फळीवर साखळीने बांधलेला पेला. समोरच्या रस्त्याने विद्यापीठाची आणि अभियांत्रिकी कॉलेजची मुले जात असतात. त्यांच्या पाठीवरच्या पिशवीत पाण्याची बाटली असते. दिवसाकाठी चारपाच जण काय ते पाणी पितात. त्यांतला एक पोस्टमन आणि एक भंगारवाला, हे तर ठरलेले. तरी आईचा नेम चुकत नाही. म्हातारपणी माणसाला पुण्याची हौस येते, अशी मी माझी समजूत घालून घेतली होती.

माझ्याविषयी थोडे सांगायला हवे, कारण या गोष्टीतली खरी आरोपी मीच आहे. मी बालवाडीची बाई. मॅट्रिकपुढे शिकले नाही. आमच्या वेळी तिला दहावी म्हणू लागले होते, पण आई ‘माझी पोर मॅट्रिक झाली’ असेच चारचौघांत सांगत आली आहे, आणि मलाही तो शब्द अधिक भारदस्त वाटतो. दिवसा मी लेकरांना बडबडगीते शिकवते आणि रात्री कादंबऱ्या लिहिते. तीन छापून झाल्या. त्यांतली दुसरी बाहत्तरच्या दुष्काळावर आहे. त्या दुष्काळानंतर सात वर्षांनी मी जन्मले. पण आमच्या भागात जन्मलेल्या माणसाला तो दुष्काळ बघावा लागत नाही. तो बारशाच्या घुगऱ्यांबरोबर ओटीत पडतो.

त्या कादंबरीत एक प्रसंग आहे. बारा वर्षांची एक मुलगी दोन कोसांवरून पाण्याची घागर घेऊन येत असते. वाटेत तहानेने व्याकूळ झालेला वाटसरू भेटतो. मुलगी सारी घागर त्याच्या ओंजळीत रिती करते आणि पुन्हा दोन कोस माघारी जाते. या प्रसंगाने मला पुष्कळ काही दिले. पत्रे आली. एका कार्यक्रमात तो वाचून दाखवताना पुढच्या रांगेतल्या बायकांनी डोळे पुसले. आईला लिहितावाचता येत नाही, म्हणून सारी कादंबरी मी तिला मोठ्याने वाचून दाखवली होती. हा प्रसंग आला तेव्हा ती मध्येच उठली आणि रांजण भरायला गेली. रांजण भरलेलाच होता. मला वाटले, गहिवर लपवायला गेली. लेखक मोठा भाबडा प्राणी असतो. कोणी उठून गेले तरी आपल्या लेखणीने हललाच असे धरून चालतो.

गेल्या वर्षी दिवाळीच्या तोंडावर हे सारे उलटेपालटे झाले, आणि त्याला निमित्त झाले शंभर वर्षांपूर्वीचे अमेरिकेतले मूकपट.

आमच्या माडीवरच्या खोलीत एक विद्यार्थी भाड्याने राहतो. शिकतो यंत्रांचे, जीव सगळा सिनेमात. सुट्टी लागायला दोन दिवस होते आणि खोलीमित्र गावी गेलेले. तो खाली आला आणि म्हणाला, “मावशी, मित्राचा प्रोजेक्टर आणलाय. भिंत नवी रंगवलीत, तिच्यावर सिनेमा बघू या. आजी, तुम्हीपण या. यात बोलत नाहीत, त्यामुळे इंग्रजी येत नाही म्हणून अडायचं नाही.”

“बोलत न्हाईत, मंग करतात काय?” आईने विचारले.

“सोसतात, आजी,” तो म्हणाला.

लहानपणी माळेगावच्या जत्रेत तंबूतला सिनेमा पाहायला जाताना असायची, तशी काहीशी हौस मला झाली. आई पाट घेऊन बसली. मुलाने आधी एक चित्र लावले, ‘द ग्रेट ट्रेन रॉबरी’. १९०३ साली एडविन पोर्टर नावाच्या माणसाने काढलेले, जेमतेम बारा मिनिटांचे. दरोडेखोर आगगाडी लुटतात, मागावर माणसे जातात, गोळ्या झडतात. शेवटी एक मिशाळ दरोडेखोर सरळ आपल्याकडे बघून पिस्तूल झाडतो. आई चटकन बाजूला सरली आणि म्हणाली, “मुडदा बशिवला तुझा!” आम्ही पोट धरून हसलो. दिवाळीला साजेशी अशी ती सुरुवात होती.

मग मुलगा सांगू लागला. त्याची माहिती पक्की असते. पश्चिमेकडे सरकत गेलेल्या गोऱ्या वसाहतकऱ्यांची, त्यांच्या गाड्यांच्या तांड्यांची, उपासमारीची आणि तहानेची अशी शेकडो छोटी चित्रे त्या काळात निघाली. एका रिळाची, पंधरावीस मिनिटांची. डेव्हिड ग्रिफिथ या एकट्या दिग्दर्शकाने १९०८ ते १९१३ या वर्षांत बायोग्राफ कंपनीसाठी चारशेहून अधिक छोटी चित्रे काढली. त्यांत या जातीची पुष्कळ. आणि गंमत अशी की, तोवर ती सरहद्द उरलीच नव्हती. १८९० च्या खानेसुमारीनेच सांगून टाकले होते की, वसाहतीची म्हणून आता वेगळी रेषा काढता येत नाही. म्हणजे हाल संपल्यावर वीस वर्षांनी, शहरातल्या नटनट्यांनी अंगाला धूळ माखून त्या हालांची चित्रे काढली होती. पोर्टरचा तो पश्चिमेतला दरोडा तर पूर्वेकडच्या न्यू जर्सीत चित्रित झाला.

हे ऐकताना मला उगीचच माझी कादंबरी आठवली. पण तेवढ्यात दुसरे चित्र सुरू झाले.

ते ग्रिफिथचे १९०९ सालचे, ‘अ कॉर्नर इन व्हीट’. गव्हाच्या सौद्याची गोष्ट. हे काही घोडेस्वारांचे चित्र नाही, पण मुलाने ते मुद्दाम निवडले होते. एक शेतकरी झोळीतले बी मुठीने फेकत वावरातून चालत येतो, सावकाश, अगदी सावकाश, आणि परत वळून जातो. इकडे शहरात एक शेठ सारा गहू आपल्या मुठीत धरतो. पावाचा भाव चढतो, गरीब माणसे दुकानाच्या दारातून रिकाम्या हाताने परततात. शेठ शेवटी आपल्याच गव्हाच्या कोठारात पडून गव्हाखाली गाडला जातो. आणि मग पुन्हा तोच शेतकरी, तेच वावर, तीच मूठ. शेठ मेला तरी त्याचे काही बदललेले नसते.

“याला पेरता येतं,” आई म्हणाली. तिची एवढी शिफारस म्हणजे फार झाले. मग जरा थांबून, “म्हंजी मिलो बी असल्याच वावरातून आला आसंल,” असे म्हणाली.

तरुण वाचकांना मिलो ठाऊक नसेल. बाहत्तरच्या दुष्काळात रेशनवर आलेली ती परदेशी तांबडी ज्वारी. अमेरिकेतून आली म्हणत. भाकरी थापताना तुटायची, खाताना घशाला टोचायची, आणि तिच्यावरच माणसे जगली. १९७० पासूनच पाऊस हात आखडू लागला होता. १९७२ ला त्याने पाठच फिरवली. सरकारने दुष्काळी कामे काढली: खडी फोडणे, रस्ते, पाझर तलाव. १९७३ च्या मे महिन्यात राज्यात सुमारे पन्नास लाख माणसे अशा कामांवर होती. कामावर सुकडी मिळे. त्याच अनुभवातून पुढे रोजगार हमीचा कायदा १९७७ साली झाला. हे सारे मी कादंबरीसाठी वाचले होते. माझी आई त्या पन्नास लाखांतली एक होती, हेही मला ठाऊक होते. पण तिला कधी विचारले तर “काय सांगायचं? समद्यायचं तसं आमचं,” यापलीकडे उत्तर मिळत नसे. म्हणून मी विचारणे सोडले आणि कल्पनेने लिहिले.

तिसरे चित्र लागले. ‘द लास्ट ड्रॉप ऑफ वॉटर’, पाण्याचा शेवटचा थेंब. १९११ सालचे, तेही ग्रिफिथचेच. ब्लँच स्वीट नावाची नटी त्यात नायिका आहे. मधूनमधून इंग्रजी पाट्या येत, त्या मुलगा मराठीत सांगत होता. मूकपटांच्या काळी आपल्याकडेही पडद्याशेजारी उभे राहून कथा समजावून सांगणारा माणूस असे, आणि पेटी-तबला वाजत असे. आमच्याकडे तबल्याऐवजी बाहेर पोरांचे फटाके होते.

गाड्यांचा तांडा वाळवंट तुडवत निघालेला असतो. वाटेत तिथल्या मूळच्या लोकांचा हल्ला होतो, तांड्याला वेढा पडतो, पाणी संपते. बायका मुलांना पोटाशी धरून बसतात. पाणी शोधायला माणसे बाहेर पडतात. एकजण वाळूत कोसळतो, दुसरा त्याच्यापाशी येतो. दोघांमध्ये जुने वैर आहे. दुसऱ्याजवळ फक्त शेवटचा घोट उरलेला असतो. तो हातातल्या पाण्याकडे बघतो, पडलेल्या माणसाकडे बघतो, आणि तो घोट त्याला पाजतो. आपण मरतो. ज्याला पाजले तो उठतो, त्याला पाणी सापडते. शेवटी घोडदळ धुरळा उडवत येते आणि तांडा वाचतो.

मला गहिवरून आले. शंभर वर्षांपूर्वीच्या त्या मुक्या माणसाने आणि मी एकच प्रसंग लिहिला होता! मोठ्या अभिमानाने मी आईकडे पाहिले.

आई पडद्याकडे पाहत नव्हती. तिने मुलाला विचारले, “ते घोड्यावरले लोक कोन रं? ज्यायनं येढा घातला ते?”

“तिथले मूळचे लोक, आजी. या गाडीवाल्यांनी त्यांची जमीन घेतली होती. त्यांची बाजू दाखवणारं एक चित्र याच ग्रिफिथनं १९०९ मध्ये काढलं होतं. इथं मात्र त्यांना नुसतं राक्षस केलंय.”

“म्हंजी पानी त्यांचं व्हतं.”

मुलगा गप्प झाला. आईने दुसरा प्रश्न विचारला. “आन ज्यानं घोट दिला, त्याच्या गाडीत लेकरं तान्हेली व्हती का न्हाई?”

“गाडीत लेकरं होती की. दाखवली ना मघाशी.”

“मंग त्यानं लेकरायच्या तोंडातला दिला,” आई म्हणाली. “देनं येवढं सोपं नसतं रं, बाबा.”

मुलाने प्रोजेक्टर बंद केला. दिवा लावायला मी उठले तर आई म्हणाली, “ऱ्हाऊ दे अंधार.” आणि त्या अंधारात, पन्नासाहून अधिक वर्षांनी, ती बोलली. तिच्याच शब्दांत लिहिते.

“तवा मी बारा वर्सांची व्हते. मुकादमानं पटावर पंधराची लिव्हली, म्हून काम मिळालं. माय खडी फोडायची, मी पाटी उचलायची. आजी घरी तापानं पडल्याली. दुपारच्याला माय मला पान्याला लावायची. बारवंत खाली उतरायचं, तळाला झरा, वाटीवाटीनं घागर भरायची. मागं रांग. घागर भरली का चुंबळीवर घेऊन दीड कोस चालायचं. एक दिस येताना वाटंवर एक बाई बसल्याली. दुसऱ्या टोळीतली. पोटुशी व्हती. म्हनली, ‘बाळ, घोटभर दे.’ मी म्हनलं, ‘न्हाई. आजीला ताप हाय.’ खोटं न्हवतं ते. ताप व्हताच. पर घोटभर दिल्यानं आजी काय मरनार न्हवती.”

“मग?” मी विचारले.

“मग काय? ती काई बोलली न्हाई. शिवी बी दिली न्हाई. उठली, लुगडं झटकलं, आन खडीवर जाऊन बसली.”

“वाचली ना, आजी?” मुलाने घाबरत विचारले.

“वाचली की. मरायला काय झालं? दुसऱ्या दिशी कामावर आलती. रोज यायची. रोज दिसायची, आन रोज मी खाली मान घालून जायची. काम बंद पडलं तवर. नाव बी इचारलं न्हाई मी तिचं.”

बाहेर कोणीतरी भुईनळा लावला होता. त्याचा उजेड भिंतीवर येऊन गेला. आई माझ्याकडे वळली. “तुझ्या पुस्तकातली पोर देती. ऐकाया गोड वाटतं. पर म्या दिलं न्हवतं.”

त्या रात्री मला झोप आली नाही. कादंबरी लिहिताना मी बारव मोजली होती, मजुरीचा दर शोधला होता, मिलोचा रंग विचारला होता. दुष्काळ काय करतो, एवढे मात्र मला कळले नव्हते. मला वाटे, दुष्काळ माणसाला मारतो, नाहीतर मोठे करतो. ग्रिफिथलाही तेच वाटले असावे; पंधरा मिनिटांत त्याला दुसरे काय दाखवता येणार? पण पन्नास लाखांतली बहुतेक माणसे मेली नाहीत आणि मोठीही झाली नाहीत. त्यांनी कधीतरी कुणाला तरी ‘नाही’ म्हटले, आणि ते ‘नाही’ घेऊन ती घरी आली, त्यांची लग्ने झाली, लेकरे झाली. दिलेला घोट पडद्यावर छान दिसतो. न दिलेला घोट कोणी चित्रात काढत नाही, कारण त्यात काही घडतच नाही. एक बाई उठते आणि पुन्हा खडी फोडू लागते.

दुसऱ्या दिवशी गावी निघण्यापूर्वी मुलगा माझ्याजवळ घुटमळला. म्हणाला, “मावशी, आपल्याकडे एक असं चित्र होतं. घोडदळ नसलेलं.” आणि त्याने ‘सावकारी पाश’ची गोष्ट काढली.

आपल्याकडच्या मूकपटांची सुरुवात तशी देवादिकांनी झाली. दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ च्या ३ मे रोजी मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात लागला. पण त्याच्या आधी, १९१२ साली, भांडवल देणाऱ्याची खात्री पटावी म्हणून फाळक्यांनी एक चिमुकले चित्र काढले होते, ‘अंकुराची वाढ’. कुंडीत वाटाणा रुजतो, वर येतो, वेल होतो, एवढेच त्यात. मला ही गोष्ट फार आवडते: फाळक्यांच्या सिनेमाचा पहिला नायक एक रुजणारा दाणा होता. मग कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली आणि १९२५ साली हरि नारायण आपट्यांच्या कथेवरून ‘सावकारी पाश’ केला. सावकाराच्या खोट्या कागदामुळे शेतकऱ्याची जमीन जाते, आणि तो शहरात जाऊन गिरणीत मजूर होतो. तरुण शेतकऱ्याचे काम व्ही. शांतारामांनी केले होते. पुराणकथांच्या त्या दिवसांत कोणी पडद्यावर शेतकऱ्याचे कर्ज दाखवले, हेच नवल. ज्यांनी ते चित्र पाहिले त्यांना अंधारातली एक झोपडी आणि भेसूर रडणारे कुत्रे पुढे कित्येक वर्षे आठवत राहिले.

पेंटरांनी १९३६ साली त्याच कथेचा बोलपटही काढला. पण तो पहिला मूकपट आज शिल्लक नाही. ग्रिफिथची घोडी अजून माझ्या भिंतीवर धावतात आणि आमच्या शेतकऱ्याची रिळे मात्र गेली. मुलाला याचे फार वाईट वाटत होते. मलाही वाटले. पण मनात आले, त्या शेतकऱ्याला सोडवायला त्या वेळीही कोणी आले नव्हते. तो मेला नाही, जिंकला नाही. गिरणीचा भोंगा ऐकून कामाला लागला. आईच्या त्या बाईचा तो सख्खा भाऊ म्हणायचा.

घोडदळ कधी येतच नाही असे मात्र मी म्हणणार नाही. २०१६ च्या उन्हाळ्यात लातुरात पाण्यावरून भांडणे होऊ नयेत म्हणून पाणी भरण्याच्या जागांभोवती जमावबंदी लावावी लागली होती. आणि त्या एप्रिलच्या १२ तारखेला मिरजेहून पाण्याची आगगाडी लातूरला आली. पहिल्या गाडीला दहा टाक्या, पाच लाख लिटर पाणी. पुढे मोठ्या गाड्या आल्या. इंजिनाला हार, माणसांच्या डोळ्यांत पाणी, सारे आम्ही दूरदर्शन संचावर पाहिले. आई तेव्हा गावीच होती. मी फोनवर ओरडून सांगितले, “आई, गाडी आली!” ती म्हणाली, “आली, बया, बरं झालं. शेहरात आली. आमच्याकडं टँकरची वाट बघालोत.” मी तेव्हा ऐकले आणि सोडून दिले. आता वाटते, तेव्हाही ती तेच सांगत होती. चित्र संपते तिथे सगळ्यांचीच तहान संपत नाही. आणि आम्ही विष्णुपुरीकर रोज सकाळी नळ सोडतो, तेव्हा या पाण्याच्या पोटात कुणाचे वावर गेले, हे तरी कुठे विचारतो?

भाऊबीज झाल्यावर मी आईजवळ बसले. कादंबरीची दुसरी आवृत्ती निघायची होती. ते प्रकरण बदलायचे माझ्या मनात होते. पण जे तिने पन्नास वर्षे कोणाला सांगितले नाही, ते मी छापावे का? त्यासाठी तिची परवानगी हवी होती. मी चाचरत विचारले.

आई वाती वळत होती. वातीवरून नजर न काढता म्हणाली, “लिही.”

मग थोड्या वेळाने, “पर मला चांगली करू नको.”

हे काम फार अवघड निघाले. सात वेळा लिहिले. प्रत्येक वेळी माझा हात त्या मुलीला कुठून तरी सोडवायला जाई. कधी तिच्या डोळ्यांत पाणी येई, कधी ती दहा पावले जाऊन मागे वळे. आई गप्प ऐके आणि मान हलवी. “वळले न्हवते मी.” आठव्या वेळी मुलगी ‘नाही’ म्हणते, चालू लागते, घरी येऊन आजीला पाणी पाजते, आणि उरलेले झाकून ठेवते. प्रकरण तिथेच संपते. वाचून झाल्यावर आई उठली नाही. “हां,” म्हणाली.

नवी आवृत्ती निघाली आहे. पूर्वी डोळे पुसणाऱ्या बायकांतली एक मला बाजारात भेटली आणि म्हणाली, “बाई, पहिला शेवट बरा होता हो.” मी म्हटले, “खरंय.” त्यात खोटे काही नव्हते, पहिला शेवट बराच होता.

या वर्षीही झाडलोट रांजणापाशी येऊन अडली. आमचे हे सवयीने म्हणाले, “या रांजणाचं काम काय?” आई पाट घ्यायला उठत होती. मी तिला बसवले, रांजण अंगणात नेला, नारळाच्या शेंडीने घासला, उन्हात वाळवला आणि गेरू कालवून त्याला रंग द्यायला बसले. हे बघत राहिले, पण काही बोलले नाहीत. आई उंबऱ्यावर बसून माझ्या हाताकडे पाहत होती. पोट रंगवून मी वर सरकले, तशी ती म्हणाली, “तोंडाला नको लावू गं. पेनाराच्या पान्यात रंग उतरतो.”